डावरीचा टाका

शत्रूचे पकडलेले आणि फोडलेले रणगाडे मोठ्या चौकात मांडायचं ठरलं, तेव्हा नगरपालिकेनं पहिला निरोप धाडला तो डावरीला. दुसरं कोण होतं म्हणा. लष्कराच्या दुरुस्ती कारखान्यात तीस वर्षं वेल्डिंग केलेली बाई, निवृत्तीनंतर घरात बसून नवऱ्याचं डोकं खात होती. निरोप आला तेव्हा सुटका तिची कमी आणि नवऱ्याची जास्त झाली.

काम सरळ होतं. फाटलेल्या पत्र्यांच्या धारा घासायच्या आणि वरची झाकणं वेल्डिंगनं कायमची बंद करायची, म्हणजे बघायला आलेलं कुणाचं लेकरू आत अडकायला नको. चार रणगाडे तिनं दोन दिवसांत हातावेगळे केले. दोरीपलीकडे माणसं जमत, थुंकत, लाथ पोचेल तिथे लाथ मारत. डावरीची त्याला हरकत नव्हती. एकदा तर तिनंच एका म्हाताऱ्याला पुढे जायला वाट करून दिली.

पाचव्या रणगाड्यावर मात्र ग्राइंडर फिरवताना राखाडी रंग उडाला आणि खालून वेल्डिंगचा वीतभर लांबीचा टाका दिसला. तिनं मशीन बंद केलं, हातमोजा काढला आणि त्यावर बोट फिरवलं. कारखान्यात सगळे डावीकडून उजवीकडे टाका ओढत, ही एकटी डावखुरी, म्हणून उजवीकडून डावीकडे. त्यामुळे तिच्या टाक्यावरचे खवले उलटे पडत. तिथले उस्ताद म्हणायचे, हिच्या कामाखाली सही नको.

ती तडक प्रदर्शनाच्या साहेबांकडे गेली. साहेब वयानं तिच्या धाकट्या मुलीएवढे, पण हातात यादी असल्यामुळे जरा ताठ.

"साहेब, पाचवा आपला आहे. शत्रूनं पळवला, रंगवला, आणि आपण परत पकडला."

"मावशी, दोन्हीकडे एकाच बनावटीचे रणगाडे होते. यादीत शत्रूचा लिहिलाय. आणि उद्या दहाला महापौर येताहेत."

"यादी तुमची, टाका माझा. आपल्या पोरांच्या गाडीवर लोक थुंकताहेत तिथे."

"चुकत असाल तर?"

"चालकाच्या जागेशी डाव्या हाताला एक लोखंडी आकडा आहे, मग अडकवायला मी लावलेला. नसला तर उद्यापासून मला बोलावू नका."

आकडा तिला पक्का आठवत होता. चिलखताला तडा गेला म्हणून गाडी कारखान्यात आली होती, बरोबर चौघं पोरं. त्यातला उंच चालक मागे लागला, "मावशी, चहाचा मग सांडतो हो, काहीतरी करा." नियमात बसत नाही म्हणून तिनं त्याला झापलं आणि लगेच आकडा लावून दिला. लढाईच्या पहिल्याच हिवाळ्यात गाडी बेपत्ता झाली, चौघांसकट.

गंजलेलं झाकण पहारीनं उघडावं लागलं. साहेब इस्त्रीच्या शर्टानिशी स्वतः आत उतरले. डावरी वर कमरेवर हात ठेवून उभी राहिली. तिला शंका नव्हती, तरी दोनदा वाकून तिनं आत पाहिलं.

"आहे," आतून आवाज आला. "त्याला चहाचा मग अडकवलाय. मगावरची अक्षरं शत्रूच्या भाषेतली आहेत."

डावरीला आधी राग आला. मग ती म्हणाली, "त्यांच्याही चालकाचा सांडत असेल."

साहेब काळे होऊन वर आले आणि वाद न घालता 'शत्रूचा रणगाडा' ही पुढची पाटी उखडायला त्यांनी स्वतःच हात लावला. संध्याकाळच्या आत क्रेननं गाडी रांगेतून उचलून चौकाच्या दुसऱ्या टोकाला, बागेशेजारी ठेवली. तिथे कुणी थुंकलं नाही.

"आता झाकण तेवढं बंद करून टाका, मावशी."

डावरीनं बिजागऱ्यांना ग्रीस लावलं, कडी बसवली आणि कडीला कुलूप घातलं.

"टाका नाही मारणार?"

"नाही. चौघं बेपत्ता आहेत. मेले असं अजून कुणी लिहून दिलेलं नाही. आले तर आत शिरायला गॅस कटर शोधत फिरायचं का त्यांनी?" तिनं किल्ली साहेबांच्या हातावर ठेवली. "ही कार्यालयात ठेवा. आणि वहीत चौघांच्या नावावर लिहा."

साहेबांनी वही उघडली. डावरीनं चारही नावं एका दमात सांगितली.