लाँच कलली तेव्हा
गेल्या महिन्यात मुंबईहून गोव्याला जाणाऱ्या मोठ्या जहाजावर चढले, डिझेलचा वास नाकात गेला आणि मी पुन्हा आठ वर्षांची झाले. आंबेगाव तालुक्यातल्या आमच्या धरणात तेव्हा लाँच चालायची. तांदळाची पोती, शेळ्या, माणसं, सगळी एकाच पत्र्याखाली. त्या मे महिन्यात पाणी फार खाली गेलं होतं. मध्यावर आलो आणि कुणीतरी ओरडलं, "आरं, आपलं गाव दिसतंय!" धरणात गेलेल्या गावाच्या भिंती खरंच वर आल्या होत्या. सगळी माणसं एकदम डावीकडं धावली आणि लाँच त्या अंगाला कलली. पोती घसरली, शेळ्या केकाटल्या, हिरवं पाणी कठड्यावरून आत येऊन माझ्या घोट्यांना लागलं. मला पोहता येत नव्हतं. लाँचवाला किंचाळत होता, "मागं सरा राव, समदी बुडाल!" कुणी ऐकेना. आईनं मला काखोटीला मारलं, उजव्या कठड्याला मिठी घातली आणि तिथूनच ओरडली, "इकडं या! घरं काय पळून चाललीत का?" तेव्हा कुठं एकेक जण मागं आला आणि लाँच सरळ झाली. आमचंही घर तिथंच होतं. आईनं मान वळवली नाही. तिचे दात वाजत होते. पुढच्या उन्हाळ्यात पाणी उतरलं, पण भिंती राहिल्या नव्हत्या. गेल्या महिन्यात त्या जहाजावर डॉल्फिन दिसले म्हणून सगळे एका बाजूला गेले. माझी मुलगी तिकडून मला हाका मारत होती. मी दुसऱ्या बाजूचा कठडा दोन्ही हातांनी धरून उभी होते.