दादासाठी केलेलं अपडेट

केसानं गळा कापणं म्हणजे काय, हे मला माझ्या सख्ख्या दादानं शिकवलं.

लग्नानंतर तो शहराच्या टोकाला, बेसाला राहायला गेला आणि आमचा हातात धरून खेळायचा व्हिडिओ गेम माझ्याकडे राहिला. दोघांनी मिळून घेतलेला. पूर्वी जेवणं झाली की आळीपाळीनं खेळायचो, भांडायचो. आता दादा पाहुण्यासारखा यायचा, चहा प्यायचा, निघायचा. मला ते फार लागायचं.

दसऱ्याच्या आधी त्याचा फोन आला. "गेमले अपडेट करून ठेव ना वं. गाड्यांचा नवीन गेम आला, दोघांले खेळता येते, पण जुन्यावर चालत नाही. दर रविवारी येतो मी."

मी येडी, लगेच भुलले. गेमचं वायफाय कधीच बिघडलेलं, म्हणून सगळं हातानं करायचं होतं. कॉम्प्युटरवर फाइल उतरवून मेमरी कार्डात टाकली. पहिल्यांदा फोल्डर भलत्याच जागी केलं, तर फाइल दिसेचना. मधेच बंद पडला तर गेम कायमचा जातो म्हणतात, म्हणून चार्जर लावून पट्टी पूर्ण भरेपर्यंत जागची हलले नाही. आईनं हाक मारली तर तिच्यावरच डाफरले.

खंडेनवमीला आमच्याकडे विळी, शिलाई मशीन, स्कूटी, सगळ्यांची पूजा होते. आईनं गेमलाही हळदकुंकू लावलं. कुंकू बटणाच्या फटीत गेलं, ते काही निघेना.

दसऱ्याला दादा सोनं द्यायला आला. "मस्त केलं वं. दोन दिवस नेतो, नवीन गेम टाकून आणतो." रविवारी आला नाही. त्याच्या पुढच्याही नाही. फोन केला की म्हणे, "ऑफिसात लय काम चालू राहिलं."

दिवाळीच्या खरेदीला सीताबर्डीला गेले, तर एका जुन्या मोबाइलच्या दुकानात काचेआड आमचा गेम. फटीत तेच कुंकू. मी तशीच आत शिरले.

दुकानदाराला विचारलं, "नवीन गेम चालते का याच्यावर?"

"बिलकुल चालते ताई. अपडेट केलेला आहे, म्हणून तर घेतला मी. आणणारा सांगत होता, माझ्या बहिणीनं सोता बसून केलं, तिचं काम एकदम पक्कं असते."

माझी तारीफ करून विकला त्यानं. मी गेम परत मागितला नाही. मला दादा रविवारी यायला हवा होता, तेवढंच.