वळचणीचा कप

भाऊ चहा प्यायले की ग्लास स्वतः धुऊन पालथा घालायचे. लोहगडवाडीत आमची टपरी आहे. गडावर येणारे लोक ग्लास कुठेही टाकून जातात, म्हणून मला भाऊंचं कौतुक वाटायचं. "माझं काम काढून घेताय व्हय?" म्हटलं की हसायचे. "हाताला सवय हाय, मावशी. आईनं लावली."

भाऊ बेडशाचे, बौद्ध घरातले. सिनेमे काढायचे आणि त्यांत कामही स्वतः करायचे. गावात जे कुणी मोठ्याने बोलत नाही, तेच त्यांच्या सिनेमात असायचं. नटांना रडू द्यायचे नाहीत. "रडायचं ते बघणाऱ्यानं. आपुन नुसतं काम करायचं," म्हणायचे.

एकदा त्यांनी आमच्या घरी शूटिंग ठेवलं. भातलावणीला आलेल्या मजुराला घरची बाई चहा देते, एवढाच प्रसंग. मजूर भाऊ, बाई मी. मी चार माणसांत तोंड उघडत नाही. म्हटलं, "मला न्हाई जमायचं."

"बोलायचं कायबी न्हाई. घरात देता तसा द्या."

कॅमेरा सुरू झाला. मी किटली घेऊन अंगणात आले. ग्लास आत मांडणीतच राहिले आणि माझा हात वळचणीत गेला. तिथला कान तुटलेला कप काढून मी भाऊंपुढे ठेवला, चहाही उंचावरून ओतला. सासूबाईंच्या वेळी शेतावर येणाऱ्या बौद्ध बायकांसाठी तो कप वेगळा असायचा. पिऊन झालं की त्यांनीच तो धुवायचा. सासूबाई जाऊन किती वर्षं झाली, कप तिथेच होता.

भाऊ चहा प्यायले, कप धुतला आणि कुणाला न विचारता वळचणीत ठेवला. त्यांच्या आईने लावलेली सवय मला तेव्हा कळली.

शूटिंगच्या पोरांनी टाळ्या वाजवल्या. "मावशी, काय ॲक्टिंग केलीत!"

मला तोंड कुठे लपवू असं झालं. "भाऊ, परत घ्या. मी घरातला ग्लास देते."

"परत घेतलं की खोटं व्हईल. पर तुमी म्हणाल तर काढून टाकतो."

"ऱ्हाऊ द्या," मी म्हटलं. शाळेच्या पटांगणात सिनेमा दाखवला, तेव्हा मी मान वर केली नाही.

आता भाऊ नव्या सिनेमासाठी लांब गेलेत. निघताना टपरीवर आले होते. चहा पिऊन उठले, तसा मी ग्लास धरला. "मी धुते."

"सिनेमातली मावशी म्हणती का घरातली?"

"घरातली."

त्यांनी ग्लास सोडला. मी तो धुऊन बाकीच्यांत ठेवला. संध्याकाळी ग्लास आवरायला घेतले. सगळे एकाच डझनातले, सारखे. तरी त्यांतला भाऊंचा कोणता, ते मला ठाऊक होतं.