नुसतं बसणं

निवृत्त सैनिकांवर आम्ही माहितीपट करत होतो, तेव्हा साताऱ्याकडच्या एका गावात सुभेदार आबा भेटले. बायको वारलेली, मुलगा पुण्यात, घरात ते एकटेच. बर्फाबद्दल, चौकीबद्दल, तिथे गमावलेल्या मित्राबद्दल ते बोलले, पण पाठ केल्यासारखे. शाळेत दर झेंडावंदनाला हेच सांगत असावेत.

मुलाखत संपल्यावर मी म्हणाले, "आबा, आता थोडा वेळ कुणीच बोलायचं नाही. खोलीतला नुसता आवाज घ्यायचाय. संकलनात लागतो."

आम्ही तिघं आणि आबा गप्प बसलो. पत्र्यावर चिमण्यांची खुडबुड चालली होती. आबांनी पहिल्यांदाच खुर्चीला पाठ टेकली. बोलताना ताठ राहिलेला चेहरा सैल झाला आणि ते आमच्यातल्या एकेकाकडे निवांत पाहत राहिले. मला वाटलं, लढाईच्या गोष्टी ऐकायला माणसं येतात. नुसतं शेजारी बसायला कोण येतं? चौकीवर ते असेच बसत असतील, न बोलता, एकमेकांच्या भरवशावर. गावात परतल्यावर माणसं भेटली असतील, मानही मिळाला असेल. ते बसणं मात्र तिकडेच राहिलं असावं.

"झालं, आबा," मी हळूच म्हणाले.

"एवढ्यात?" ते सावरून बसले. मग जरा अवघडून म्हणाले, "न्हाय, काय ऱ्हायलं आसंल तर परत घ्या की. मला कुठं जायाचंय?"

आवाज स्वच्छ आला होता. तरी मी माइकची वायर उगाच सारखी केली, आणि आम्ही सगळे पुन्हा गप्प बसलो.