पुटकुळी आणि पानमळा

आमचा पानमळा अंजनगाव सुर्जीजवळ. पानवेल म्हणजे महाराणी. चपला बाहेर काढा, हात धुवा, जोरात शिंकूसुद्धा नका. बाबांनी जन्मभर पान पिकवलं, पण कधी तोंडात टाकलं नाही. धंद्याचा माल आपण खायचा नसतो म्हणे.

एका उन्हाळ्यात आईनं माझ्या मोठ्या बहिणीला मळ्याच्या फाटकावर अडवलं. "आत नोको जाऊ, वेल जळते." काहून जळते, ते कोणी सांगेना. मग मीच माझ्या अफाट बुद्धीनं शोध लावला. बहिणीच्या गालावर तेव्हाच पुटकुळ्या आल्या होत्या. म्हणजे वेल जाळते ती पुटकुळीची उष्णता!

पुढं माझ्या नाकावर पुटकुळी उगवली. केवढी? अकोट एसटीच्या ड्रायव्हरनं लाल दिवा समजून ब्रेक मारला असता. मी मळ्यात जाणंच सोडलं.

"काहून रे, पाणी काय तुहा मामा देईन?" बाबा कडाडले.

शेवटी तोंडाला दुपट्टा गुंडाळून डाकूसारखा शिरलो आणि श्वास रोखून पाणी दिलं. वेल हिरवीगार राहिली. दुपट्ट्यानं वाचवली, दुसरं काय!

खरं काय ते अमरावतीच्या होस्टेलात कळलं, तेही सगळ्यात जास्त फेकणाऱ्या पोराकडून. त्यातल्या चुका लग्नानंतर बायकोनं दुरुस्त केल्या.

माझी मुलगी अकोल्यात शिकते. तिच्या शाळेत डॉक्टरीणबाई पोरापोरींना एकाच वर्गात बसवून, फळ्यावर चित्र काढून सगळं सांगतात. पोरगी घरी वरणभात कालवता कालवता मला गर्भाशय समजावते आणि मी पंख्याची पाती मोजतो.

या दिवाळीत आम्ही गावी आलो, तेव्हा तिनं मळ्याच्या फाटकावर चपला काढल्या अन् म्हणाली, "आबा, माही पाळी सुरू हाये. आत येऊ ना?"

बाबांनी वेलीकडे पाहिलं, मग तिच्याकडे. मी छाती काढून विज्ञानावर भाषण ठोकणार होतो. तोंडातून निघालं, "ऊन लय हाये."

"पप्पा, तुमी गप राहा. आबा, वेल नाही जळत. जळली तर मी नवी लावून देईन."

बाबा फाटकातून बाजूला सरकले. "हात धू," म्हणाले, "अन् ये."

दुसऱ्या दिवसापासून मी बाबांच्या आधी मळ्यात हजर. पिवळं पान वेलीला बारा महिने पडतं. पण आत्ता ते बाबांना दिसलं, की पोरीला फाटक बंद. म्हणून दिसेल ते खुडायचं अन् खाऊन टाकायचं. चुना नाही, कात नाही. नुसतं म्हशीसारखं रवंथ.

एका सकाळी पलीकडच्या ओळीत सळसळ झाली. बाबा उभे होते. गाल फुगलेला, ओठाच्या कोपऱ्यातून पिवळं देठ बाहेर.

"काय खाऊन राहिला रे?"

"काही नाही. तुमी?"

"काही नाही," म्हणाले, अन् पुढच्या वेलीकडे सरकले.