भाडोत्र्याची डाळ

पहाटे साडेचारला मालोजीचा दिवस सुरू व्हायचा. पावणेसहाला चाकणची कंपनी बस. तिथल्या फाउंड्रीत बावीस वर्षं तो वितळलेलं लोखंड ओतत होता. भरलेली बादली दोघांनी दांड्यावर धरायची आणि पावलाला पाऊल जुळवून चालायचं. एकाचं पाऊल चुकलं की दुसरा भाजतो. मालोजीच्या जोडीदाराला कधी डाग लागला नाही.

तेवढीच वर्षं तो चऱ्होलीत सोपानरावांच्या खोलीत भाड्याने राहत होता. संध्याकाळचा चहा दोघांचा एकत्र. पण गावच्या भंडाऱ्याच्या आमटीला आपली डाळ लागावी, हे त्याचं मागणं भंडाऱ्याची व्यवस्था बघणारे सोपानराव दरवर्षी हसण्यावारी न्यायचे. यंदा पंगतीत बसतानाच त्याने पुढल्या वर्षासाठी पुन्हा विचारलं.

"तुमी पावणं," सोपानराव म्हणाले. "पावण्यानं बसायचं अन् जेवायचं."

"बावीस वर्षांचा पाहुणा असतो का हो?"

"मंग काय जावई म्हणू?"

पंगत खदखदून हसली. मालोजी मान खाली घालून बसला. सोपानराव कढई उतरवायला गेले.

आमटीची कढई चौघांनी दोन दांड्यांवर उचलली. पुढे सोपानरावांचा मुलगा रणजीत, मागे सोपानराव. रणजीतचा पाय सांडलेल्या आमटीवर पडला आणि तो गुडघ्यावर आला. कढई पुढे कलली. तापलेला काठ त्याच्या पाठीशी टेकायला आला.

"वर घ्या! वर!" सगळे ओरडले. सोपानरावांनी मागचं टोक वर ओढलं. आमटी आणखी पुढे धावली.

मालोजी पंगत ओलांडून पोहोचला. रणजीतच्या हातातला दांडा त्याने खांद्यावर घेतला.

"मागचे, खाली!"

"पोरगं हाय माझं, मालोजी!"

"म्हणूनच खाली. गुडघे वाका, पाठ नको. हात सोडलात तर बघा!"

सोपानराव वाकले. एक वीत. आणखी एक. रणजीत सरपटत बाजूला झाला. काठ सरळ झाला, मग कढई जमिनीला लागली. उसळलेल्या आमटीने मालोजीचा हात कोपरापर्यंत भाजला होता.

सोपानराव त्याच्या हातावर गार पाणी ओतत राहिले.

"पुढल्या साली डाळ कुणाची?" मालोजीने विचारलं.

"तुझी. पण खडं नको हां त्यात. गाव दात मोडून घेईल."

वर्षभर मालोजीने एकही ओव्हरटाइम सोडला नाही. भंडाऱ्याच्या आदल्या दिवशी देवळापुढे टेम्पो थांबला. त्याच्या पगाराची तूरडाळ, तीन पोती, त्याच्या बायकोने दाणा न् दाणा निवडलेली.