पानाच्या कोपऱ्यातला अंगठा

रोज सकाळी चहाच्या वेळेला श्रीधरकडून एखादी फाईल यायचीच. कधी पाककृतींचं पुस्तक, कधी जुनी कादंबरी... त्या सकाळी त्याच्याच नंबरवरून त्याच्या मुलीचा निरोप आला, बाबा गेले. मी तो पुन्हा पुन्हा वाचला आणि अमरावतीहून अकोल्याची बस धरली.

श्रीधर माझा मावसभाऊ, अकोल्यात वकिली करायचा. कायद्यावर पोट असलेला हा माणूस पुस्तकांच्या बाबतीत मात्र खुशाल कायदा मोडायचा. पुस्तक विकत आणायचा, खिडकीपाशी बसून डाव्या अंगठ्यानं पान दाबून धरायचा, मोबाईलवर एकेक पान टिपायचा आणि ओळखी-अनोळखी साऱ्यांना पाठवायचा. नखाखाली काळा डाग असलेला तो अंगठा प्रत्येक पानाच्या कोपऱ्यात यायचाच. एकदा त्यानं माझीच कादंबरी अशी वाटून टाकली. कित्येक वर्षं खपून लिहिलेली, माझी एकुलती एक! मी तणतणत त्याच्या घरी गेले. फाईल उघडून दाखवली, तर 'सर्व हक्क लेखिकेकडे' या ओळीवरच नेमका अंगठा.

"वकील ना तू? चोरी आहे ही, श्रीधर."

"हाय ना, मी कुठं नाही म्हनतो? पन ताई, तेल्हाऱ्यासारख्या लहान गावच्या मानसाले तुयं पुस्तक कुठं भेटते, सांग मले. आन् आवडलेलं एकट्यानंच वाचून मले करमत नाही, त्याले काय करू?"

मी ती फाईल त्याच्यासमोरच पुसून टाकली. त्यानं चहा पुढे केला.

त्याचं म्हणणं मला आजही पुरतं पटत नाही. लिहिणाऱ्यालाही पोट असतं. फुकट मिळतं म्हणून ढीग जमवणारे आणि एक पान न वाचणारेही मी पाहिलेत. पण श्रीधरला त्यातून मिळायचं काय? 'वाचलं, रडू आलं' असा एखादा उलट निरोप. तेवढ्यावर तो दिवसभर खूश असायचा. पुढे प्रकाशकानं माझी कादंबरी पुन्हा छापलीच नाही, दुकानांत ती मिळेनाशी झाली...

तेरवीला तेल्हाऱ्याहून एक शिक्षिका आल्या. फोटोपुढे हात जोडून म्हणाल्या, "वकीलसायबाचं तोंड आजच पाह्यलं मी. अंगठा तेवढा ओळखत होती." माझी कादंबरी त्यांनी गल्लीतल्या बायांना मोठ्यानं वाचून दाखवली होती. मीच ती लेखिका, हे कळल्यावर त्या ओशाळल्या. "फाईल पुसून टाकू का, मॅडम?"

"नको," मी म्हटलं. "मलाही पाठवा."

आता सकाळी चहाच्या वेळेला मी ते पान उघडते. माझ्या हक्काची ओळ अजून अंगठ्याखालीच आहे. राहू दे.